दोन आत्यांची एक आत्या

रविवारचं जेवण आईकडे एक वाजता असतं, आणि एक म्हणजे एक. मॅक्सिन मात्र बारालाच बर्नलीच्या त्या चढावरच्या घरात येऊन बसली होती, कारण आघाडी बांधायची तर भाऊ डंकन यायच्या आत बांधायला हवी. आठवडाभर फोन करकरून तिने सगळ्यांना पढवलं होतं. डंकनने आपल्या घराण्यावर टीव्ही मालिका लिहिली आहे. मंगळवारी लंडनला तिचं वाचन आहे. उद्या कोणी नातेवाईक वकील घेऊन दारात उभा राहू नये म्हणून वाहिनीच्या बाईंना त्याआधी आईचा होकार हवा आहे. तेव्हा त्याने विचारलं की सगळ्यांनी एका सुरात नाही म्हणायचं, म्हणजे आईही नाही म्हणेल, आणि विषय संपेल.

"आणि कारण विचारलं तर?" तिचा नवरा ट्रेवर म्हणाला. तो आईच्या खुर्चीत बसून गाजरं सोलत होता.

"कारण काय विचारायचंय? माझा पहिला घटस्फोट, तुझं ते गॅरेजचं प्रकरण, सगळं चव्हाट्यावर आणणार आहे तो. दवाखान्यात येणारे पेशंट दात दाखवण्याआधी मला हेच विचारतील." मॅक्सिन दाताच्या डॉक्टरांकडे स्वागताला बसते आणि गावातला निम्मा जबडा तिला ओळखतो.

टेबलाच्या एका टोकाला बेरिल आत्या, दुसऱ्या टोकाला ऑलिव्ह आत्या. वडिलांच्या या दोघी बहिणी वडिलांच्या दफनानंतरच्या चहापानापासून एकमेकींशी बोलत नाहीत. चहापानाचं हॅम, म्हणजे डुकराचं मांस, कोणी आणायचं हे ठरलं नव्हतं, दोघींनी आणलं, आणि लोकांनी एकीचंच संपवलं. कोणाचं, यावर आजही दोन मतं आहेत. त्या दिवसापासून त्यांचं सगळं बोलणं आईच्या मार्फत चालतं.

"एडना, तिला म्हणावं मीठ इकडे दे," बेरिल आत्या म्हणाली.

"एडना, तिला म्हणावं मीठ तिच्या कोपराशीच आहे," ऑलिव्ह आत्या म्हणाली.

आई ओव्हनमधून यॉर्कशर पुडिंगच्या फुगलेल्या वाट्या काढत होती. चौऱ्याऐंशी वर्षांची ही बाई घरातलं प्रत्येक युद्ध ग्रेव्ही ढवळत ऐकते आणि ढवळणं थांबलं की सगळे गप्प होतात.

डंकन आला तो एकच्या ठोक्याला, गळ्यात मफलर, काखेत रंगीत फायलींचा गठ्ठा. अठ्ठावन्न वर्षांचा झाला तरी दारातून आत येताना तो अजून क्षणभर थांबतो, कोणी टाळी वाजवतंय का ते पाहायला. एकोणीस वर्षं त्याने 'टॅनरी लेन' या मालिकेत कुलपं दुरुस्त करणाऱ्या सिडचं काम केलं. आठवड्यातून तीन संध्याकाळी सगळा देश त्याला स्वयंपाकघरात चहाचा कप हातात धरून दुसऱ्यांची रडगाणी ऐकताना पाहायचा. मग नव्या निर्मात्यांना तरुण चेहरे हवे झाले आणि नाताळच्या भागात सिड लग्नाचा केक उचलून नेताना कालव्यात पडला. प्रेत सापडलं असं काही दाखवलं नाही. त्या एका आशेवर डंकनने दोन वर्षं काढली. बाजारात बायका आईला अजून विचारतात, सापडला का हो तुमचा मुलगा?

पुढे काम म्हणून मिळालं ते नाताळच्या बालनाट्यात, दोघांनी मिळून करायच्या गायीचे मागचे पाय. पुढचे पाय करणारा मुलगा नाट्यशाळेतून नुकताच बाहेर पडला होता आणि डंकनला 'सर' म्हणायचा. तेव्हा कुठे डंकनच्या डोक्यात आलं की आपल्याला कोणी भूमिका देत नसेल तर आपणच लिहावी.

जेवण झालं, शेवटचं गोड ट्रायफल संपलं. डंकनने घसा साफ केला.

"तर, मला वाटलं नुसतं सांगण्यापेक्षा आपण वाचूयाच. खऱ्या वाचनाला बसतात तसं. टेबलाभोवती, प्रत्येकाने एकेक पात्र घ्यायचं. अभिनय नको, फक्त वाचायचं."

"आम्हाला काहीही वाचायचं नाही," मॅक्सिन म्हणाली आणि आघाडीकडे पाहिलं.

आघाडीने फायली उघडल्या होत्या. ट्रेवर बोट फिरवत पानं उलटत होता, थांबत होता, ओठ हलवत होता. नटाला जी सवय लागायला सहा महिने लागतात ती त्याला अर्ध्या मिनिटात लागली होती. तो आपली वाक्यं मोजत होता.

"हार्वी म्हणजे मी का रे?" त्याने विचारलं.

"हार्वी म्हणजे कोणीही नाही. पण हो, तुझ्यावरून सुचलाय."

"बर्फात चार मैल चालत जाऊन डॉक्टर आणतो?"

"नाट्य हवं ना थोडं."

"मला तर यात काही गैर दिसत नाही," ट्रेवर म्हणाला.

मॅक्सिनने टेबलाखालून त्याच्या नडगीवर लाथ घातली. वडील गेले त्या संध्याकाळी हा गृहस्थ चिप्स आणायला गेला होता. महिना मेचा होता.

"एडना, त्याला विचार," ऑलिव्ह आत्या म्हणाली, "मी कोण?"

डंकन अवघडला. आपण लोकांना आवडत नाही आहोत असं वाटलं की त्याचा उजवा हात आपोआप एखादा कप शोधू लागतो. आताही शोधला.

"तू हेटी आत्या."

"आणि मी?" बेरिल आत्याने थेट विचारलं.

"तू पण."

"मी पण काय?"

"हेटी आत्या. म्हणजे असं आहे, आत्या, इमोजेन म्हणाली, इमोजेन म्हणजे वाहिनीची निर्माती, की दोन आत्यांमध्ये प्रेक्षकांचा गोंधळ होतो. आणि दोन नट्या परवडत नाहीत. म्हणून मी दोघींची मिळून एक केली. हे सगळेच लेखक करतात."

 ट्रायफलचं भांडं खरवडणारा आईचा चमचा थांबला.

"आणि हॅम?" बेरिल आत्याने विचारलं.

"हेटी आणते."

"किती?"

"दोन."

"एकटी बाई दोन हॅम आणते? आणि मग भांडते कोणाशी?"

"स्वतःशी," डंकन हळूच म्हणाला. "अंतर्मनातला संघर्ष आहे तो."

तेव्हा बर्नलीतल्या त्या घरात जे अकरा वर्षांत घडलं नव्हतं ते घडलं. बेरिल आत्या वळली आणि आईला मध्ये न घेता टेबलाच्या दुसऱ्या टोकाशी बोलली.

"ऐकलंस?"

"ऐकलं," ऑलिव्ह आत्या म्हणाली. "तुझं ते कोरडं हॅम आता माझ्या नावावर."

"माझं कोरडं? तुझ्यात तर लवंगा एवढ्या होत्या की पाद्री ठसकला."

"ठसकला, पण पुन्हा मागितलं त्याने."

"ते माझं मागितलं!"

"पण हा," ऑलिव्ह आत्याने डंकनवर चमचा रोखला, "हा आपल्याला पुसतोय, बेरिल."

"पुसतोय खरा."

आणि दोघी खुर्च्या सरकवून शेजारी शेजारी बसल्या. मॅक्सिनला हर्ष झाला. एक फुटला तरी दोन पक्क्या झाल्या. पण तो हर्ष ट्रायफलवरच्या क्रीमइतकाही टिकला नाही, कारण आत्यांची मागणी नकाराची नव्हतीच.

"दोघी दाखव," बेरिल आत्या म्हणाली. "दोघी दाखवल्यास तर आमचं काही म्हणणं नाही. आणि मला निळा कोट घाल."

म्हणजे आघाडी गेली. मॅक्सिनने मनातल्या मनात हिशेब केला, नवरा फितूर, आत्या सौद्यावर आल्या. उरली ती एकटी, आणि तिच्याजवळ तर सगळ्यात भक्कम कारण होतं. तिने चष्मा लावला आणि आपल्यावर काय काय गरळ ओकलंय ते पाहायला फाइल उघडली. पहिला नवरा आहे का, पाहिलं. नाही. तो तिचा केसांचा भलता रंग? नाही. तिने पहिल्या पानापासून शेवटापर्यंत चाळलं, मग उलट चाळलं.

"डंकन, मी कुठाय?"

डंकन खिडकीबाहेर पाहू लागला.

"ट्रेवर आहे," मॅक्सिन म्हणाली, "पण तो कोणाचा नवरा आहे?"

"हार्वी शेजारी आहे," डंकन म्हणाला. "अविवाहित."

"अविवाहित आहे मी," ट्रेवरने दुजोरा दिला. जरा जास्तच खुशीत दिला.

"डंकन, मी विचारतेय."

"मॅक्स, तू सगळ्यांना फोन करून सांगत होतीस ना, की तुला यात यायचं नाही? ट्रेवरने मला सांगितलं. मी तुझ्या भावना जपल्या."

"मंगळवारी वाचन आहे आणि मी फोन केले या आठवड्यात. तू लिहिलंस दोन वर्षांपूर्वी. माझ्या भावना जपू नकोस, खरं सांग."

"इमोजेन म्हणाली, एक स्त्रीपात्र कमी करावं लागेल. आई काढता येत नाही. आत्या एक केलीच होती."

मॅक्सिनने शेवटचा प्रसंग काढला. ज्या खोलीत ते आता बसले होते तीच खोली. या टेबलाच्या जागी तेव्हा वडिलांचा पलंग होता, कारण त्यांना जिना चढवेना. पलंगाशी मुलगा बसलाय, वडिलांचा हात हातात घेऊन. मागे एक परिचारिका उभी आहे. तिला नावसुद्धा नव्हतं. ती उशी नीट करते, ओठ ओले करते, केस विंचरते. मॅक्सिनने सहा आठवडे केलेलं एकूण एक काम ती बिननावाची बाई अर्ध्या पानात करत होती.

 सबंध आठवडा ती भीत होती की हा आपल्याला जगापुढे उघडं पाडेल. यात आपण नसूच, हे तिच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

"मुलाचं काम कोण करणार आहे?" तिने विचारलं.

"ते अजून ठरायचंय."

"कोण, डंकन?"

"मी," डंकन म्हणाला. "इमोजेनने तोंडी कबूल केलंय. चार वर्षं झाली, मॅक्स. चार वर्षं मला कोणी कॅमेऱ्यापुढे उभं केलेलं नाही. आईने हो म्हटलं की मंगळवारी मी त्या टेबलाशी बसतो. नाही म्हटलं तर माझ्यासाठी पुन्हा ती गाय आहेच."

तो विनोद करायला गेला होता, पण कोणी हसलं नाही. मॅक्सिनला त्याची दया आली, आणि दया आली म्हणून आणखीनच राग आला.

"वाचा तो प्रसंग," आई म्हणाली. एवढ्या वेळात ती पहिल्यांदाच बोलली. "मला हो म्हणायचंय ना? मग ऐकू दे काय आहे ते."

डंकन उभा राहिला. अभिनय नको असं त्यानेच सांगितलं होतं, पण उभा राहिल्यावर त्याला राहवेना. आवाज खोल गेला, एक हात छातीवर आला.

"वडील म्हणतात, 'मुला, मी तुला कधी सांगितलं नाही. शब्द माझ्यापाशी नव्हते. पण तुझ्या प्रत्येक पावलाचा मला अभिमान होता, आणि आज निरोप घेताना...'"

"थांब," आई म्हणाली. "हे कोण बोलतंय?"

"बाबा."

"कोणाचे?"

"आपले, आई."

"नॉर्मन?" आईने चष्मा वर केला. "एवढं तर तो आमच्या लग्नातही बोलला नाही. तिथे तर बोलणं सक्तीचं असतं."

बेरिल आत्या फिसकन हसली आणि लगेच ऑलिव्ह आत्या. दोघींचा भाऊ होता तो. चाळीस वर्षं त्याने बस चालवली, आणि बसमध्ये चालकाशी बोलू नये ही पाटी त्याने घरातही लावून घेतली होती.

"तो काहीच बोलला नाही म्हणूनच लिहावं लागलं!" डंकनचा आवाज चढला, आणि हा आवाज नटाचा नव्हता. "वर्षानुवर्षं. टॅनरी लेनबद्दल एक अक्षर नाही. मालिका लागली की उठून मागच्या शेडमध्ये. मला वाटायचं, एकदा तरी म्हणेल, बरं केलंस. निदान वाईट केलंस तरी. मग ते वाक्य मीच लिहिलं. बिघडलं कुठे?"

"तू तिथे नव्हतास, बिघडलं इथे," मॅक्सिन म्हणाली.

ते सगळ्यांना माहीत होतं, आणि म्हणूनच कोणी बोलत नसे. वडील गेले त्या संध्याकाळी डंकन दोनशे मैलांवर एका खोट्या दफनभूमीत उभा होता. सिडच्या वडिलांचं दफन चित्रित होत होतं. डोळ्यांत औषधाचे थेंब घालून तो रडत होता, आणि फोन कपडेपट सांभाळणाऱ्या बाईच्या पिशवीत होता. तो भाग पुढे लागला तेव्हा सगळा देश हळहळला. वर्तमानपत्रात आलं की इतकं खरं दुःख पडद्यावर क्वचित दिसतं. तेव्हापासून त्या संध्याकाळबद्दल त्याने कधी विचारलं नाही, आणि मॅक्सिनने कधी सांगितलं नाही. विचारल्याशिवाय सांगायचं नाही, असं तिने दफनाच्या दिवशीच ठरवलं होतं.

"बोलले होते बाबा," ती म्हणाली.

डंकनचा हात छातीवरून खाली आला.

"आई आत किटली ठेवायला गेली होती. हे महाशय चिप्स आणायला. खोलीत मी एकटी. पलंग इथे, टीव्ही त्या कोपऱ्यात. पलंगावरून शेडमध्ये जाता येत नव्हतं त्यांना, त्यामुळे सहा आठवडे प्रत्येक भागात तुलाच बघत होते. मी विचारायचे, बंद करू? तर मान हलवायचे, नको."

"नको म्हणायचे?"

"मध्ये बोलू नकोस. त्या दिवशी तुझा स्वयंपाकघरातला प्रसंग चालला होता, कोणाची तरी बायको पळून गेली होती आणि तू ऐकत होतास. कप तोंडाला लावायचास, खाली ठेवायचास, परत लावायचास. बाबांनी बराच वेळ पाहिलं. मग स्पष्ट म्हणाले, 'त्याच्या कपात काही नाही. आपल्या पोराला चहा द्या कोणीतरी.' आणि डोळे मिटले. आई कप घेऊन आली तेव्हा सगळं झालं होतं."

आई टेबलावरच्या कापडाची घडी पुन्हा पुन्हा सारखी करत होती. तिने तो कप कुठे ठेवला होता, ते तिला आठवत असावं.

"कप रिकामाच असतो," डंकन म्हणाला.  "तोच प्रसंग दहा वेळा घेतात. चहा दर वेळी तेवढाच दिसायला हवा, म्हणून घालतच नाहीत. सगळेच रिकामा कप... कोणाला कळत नाही ते."

"त्यांना कळलं," मॅक्सिन म्हणाली.

डंकन खाली बसला आणि रडू लागला. नट म्हणून तो फार सुंदर रडायचा, एका गालावरून एकच थेंब. आता नाक लाल झालं, खांदे गदगदा हलले आणि मफलर ओला झाला. ऑलिव्ह आत्याने आपला रुमाल काढला, पण तो वापरलेला होता, म्हणून बेरिल आत्याने आपला दिला.

बऱ्याच वेळाने त्याने खिशातून पेन्सिल काढली. मॅक्सिनने फाइलवर हात ठेवला.

"ते वाक्य फुकट नाही मिळायचं. ते ऐकायला खोलीत कोणीतरी हवं. परिचारिका नव्हे. मुलगी."

"इमोजेन आणखी एक बोलणारी नटी देणार नाही."

"मग एक नट कमी कर."

डंकनने तिच्याकडे पाहिलं. एवढं तर त्याला कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. मुलगी आत आली तर मुलाने बाहेर जायला हवं, कारण मुलगा त्या खोलीत कधी नव्हताच. मंगळवारच्या टेबलावरची ती खुर्ची, पुन्हा कॅमेऱ्यासमोर उभं राहणं, सगळं त्या एका पलंगाच्या काठावर बसलेलं होतं. तो पेन्सिल बोटांत फिरवत राहिला. 

मग त्याने मुलाच्या नावावर रेघ मारली. एका पानावर, पुढच्या पानावर, शेवटपर्यंत. परिचारिकेच्या जागी त्याने लिहिलं, मुलगी. जरा थांबून तिला नाव दिलं, आणि फाइल मॅक्सिनकडे सरकवली. तिने वाचलं, चष्मा काढला आणि पुसायला काही नसताना पुसला.

"आणि मी?" ट्रेवरने विचारलं.

"तू चिप्स आणायला गेलास."

"बर्फात?"

"मे महिन्यात," मॅक्सिन म्हणाली. "आणि तू विवाहित आहेस."

आत्यांचं मात्र डंकनला काही करता आलं नाही. एकच आत्या राहणार होती. दोघींनी जवळ डोकी नेऊन कुजबुज केली आणि बेरिल आत्याने निर्णय जाहीर केला, हेटीने निळा कोट घालावा, पण हॅममध्ये लवंगा असाव्यात.

"आई?" डंकन म्हणाला. "हो म्हणशील?"

"आता हो," आई म्हणाली. "पण तुझं काय? तू कुठे आहेस यात?"

"मी तिथे," त्याने कोपऱ्यातल्या टीव्हीकडे बोट दाखवलं. "पडद्यावर सिडसारखं कोणीतरी दिसायला हवं. ते काम माझ्याशिवाय कोण करणार? वाक्य एकही नाही. नुसता रिकामा कप घेऊन बसायचं. पण तो रिकामा आहे हे दिसलं पाहिजे."

"ते तुला जमतं," मॅक्सिन म्हणाली, आणि दुपारभरात पहिल्यांदा दोघं भाऊबहीण एकमेकांकडे पाहून हसले.

आई उठली. तिने किटली आणली, डंकनपुढचा कप ओढला आणि काठोकाठ भरला. तो कप भरलेला होता, म्हणून डंकनने दोन्ही हातांनी, जपून उचलला.